सुभेदार हे आडनाव आहे, साहेब!

माझी बरीचशी नोकरी बडोद्यातल्या एका सरकारी कचेरीच्या महेकम शाखेत गेली. कचेरीचं नाव सांगत नाही, कारण अजून तिथली माणसं भाजी घेताना भेटतात. महेकम म्हणजे नोकरमाणसांचा कारभार बघणारी शाखा. कोण कधी लागला, कोणाची रजा, कोणाची बदली, आणि सगळ्यात मोठं दुखणं म्हणजे कोण कोणाच्या वर. पुण्याची माझी नणंद विचारायची, ‘‘वहिनी, तुम्ही दिवसभर करता तरी काय?’’ मी सांगायचे, ‘‘माणसांची उतरंड लावते. कोणतं मडकं वर, कोणतं खाली.’’ ती हसायची. तिला वाटायचं मी थट्टा करते.

थट्टा कसली डोंबलाची! या उतरंडीपायी मी शहाणीसुरती माणसं रडताना पाहिलीत. एकाच कपातला चहा अर्धा अर्धा बशीत ओतून पिणारे दोन दोस्त, पण ज्येष्ठतेची यादी लागली आणि दुसऱ्या दिवसापासून जिन्यात समोरासमोर आले की भिंतीकडे तोंड. सरकारात वयाला कोणी विचारत नाही. नोकरीवर आधी हजर झाला तो मोठा, मग त्याला मिसरूड फुटलेलं असो वा नसो. बढतीची जागा रिकामी झाली की यादीत वर असलेल्याची वर्णी आधी. एवढं लक्षात ठेवलंत तरी पुढचं सगळं समजेल.

आमच्याकडे रणछोडभाई परमार नावाचे कारकून होते. माणूस उंचापुरा, पाठ अशी ताठ की खुर्चीला टेकायची गरजच नाही. कोयलीकडून बसने यायचे आणि साहेबांच्याही आधी टेबलावर हजर. चीनच्या लढाईनंतर कॉलेज सोडून सैन्यात गेले, बरीच वर्षं तिकडे काढली आणि सुटून आल्यावर आमच्याकडे कनिष्ठ कारकून म्हणून लागले. गंमत म्हणजे हा अस्सल चरोतरचा गुजराती माणूस आमच्याशी मराठी बोलायचा, आणि तेही साताऱ्याकडचं. पलटणीत सगळे तिकडचेच गडी होते म्हणे. मी महेकमात आले त्याच दिवशी माझ्यापुढे उभे राहून म्हणाले, ‘‘बेन, राम राम. माझं एक काम हाय, पर घाई न्हाई.’’ मी खुर्चीतून पडायची बाकी राहिले. आमच्या निजामपुऱ्यातली मराठी पोरं आपसात गुजराती बोलतात, आणि हे परमार असं बोलतात!

काम काय, तर सैन्यातली वर्षं ज्येष्ठतेत धरावीत. तसा नियम होता. देशात तेव्हा आणीबाणी जाहीर झाली होती (लोकांना नंतरचीच आठवते, ती नव्हे, चीनच्या वेळची). तेव्हा जी पोरं शिक्षण टाकून सैन्यात गेली, ती परत येऊन कचेरीत लागेपर्यंत त्यांच्या बरोबरीची, घरीच राहिलेली पोरं वर जाऊन बसलेली. हा अन्याय दूर करायला सरकारने एक तोड काढली. हा गडी सैन्यात गेला नसता तर जेव्हा कचेरीत लागला असता, तेव्हाच तो लागला असं मानायचं. त्या तारखेला म्हणतात मानीव तारीख. अटी पुष्कळ असतात, त्या सांगत बसले तर तुम्ही पान उलटाल. रणछोडभाई सगळ्या अटींत बसत होते, एवढं मी खात्रीने सांगते.

आणि तरी इतकी वर्षं त्यांना काही मिळालेलं नव्हतं! अर्ज वडी कचेरीत, म्हणजे आमच्या मुख्य कचेरीत, जायचा आणि काहीतरी खुसपट काढून परत यायचा. मी त्या शाखेत गेले तेव्हा हे बघून चाटच पडले. माझ्या आधीच्या गृहस्थांना विचारलं, तर पान जमवता जमवता म्हणाले, ‘‘अरे बेन, फौजी माणूस आहे, त्याला वाट बघायची सवय असते.’’ असा राग आला म्हणून सांगू!

घाई नाही म्हणाले, पण घाई होती. आमच्या हेडक्लार्कची जागा रिकामी होत होती. रणछोडभाईंच्या वर यादीत जेवढे होते ते सगळे वयाने त्यांच्याहून लहान. म्हणजे ही जागा हुकली तर ते सगळे आधी निवृत्त होण्याची वाट बघावी लागणार, आणि त्याच्या आत रणछोडभाई स्वतःच घरी जाणार. आता नाही तर कधीच नाही. शिवाय एक गोष्ट त्यांना खुर्चीपेक्षाही लागून राहिली होती. कोणीतरी अधिकारी एकदा त्यांना सर्वांदेखत म्हणाला होता, ‘‘लागायच्या आधी इतकी वर्षं कुठे भटकत होतास?’’ ते मला म्हणाले, ‘‘बेन, खुर्ची मिळाली तर बरंच हाय. पर ती वर्सं कुठंतरी मांडा. मी भटकत नव्हतो.’’

मी नव्याने सगळा प्रस्ताव तयार केला आणि पाठवला. सोबत आमच्या सगळ्या कारकुनांची नावं. काही महिन्यांनी वडी कचेरीतून कच्ची यादी आली. कच्ची यादी म्हणजे ज्याला काही वांधा असेल त्याने सांगावं म्हणून आधी फिरवतात ती. पाकीट मीच फोडलं. आणि बघते तर काय! परमार होते तिथेच, तळाला. आणि सगळ्यांच्या डोक्यावर, शेऱ्याच्या रकान्यात ‘माजी सैनिक’ असं लिहून, आमचे दत्ताभाऊ!

दत्ताभाऊ कोण, ते सांगितल्याशिवाय तुम्हाला माझी अवस्था कळणार नाही. दत्तात्रेय गणपतराव सुभेदार. बडोद्यातल्याच अकोट्यात राहायचे. पूर्वज संस्थानच्या फौजेत होते, तेव्हापासून आडनाव सुभेदार. पूर्वज काय असतील ते असोत, दत्ताभाऊ दिवाळीत चार दिवस कानात कापूस घालून बसणारे. कचेरीत पाल दिसली की टेबल बदलणारे. बंदूक त्यांनी फक्त फुगे फोडायच्या दुकानावर पाहिलेली, तीही लांबून.

झालं कसं, ते मला थोड्या वेळाने उमगलं आणि मी कपाळावर हात मारून घेतला. घरी आपण नाव आधी म्हणतो, पण कचेरीच्या यादीत आडनाव आधी. तेव्हा यादीत होतं ‘सुभेदार दत्तात्रेय गणपतराव’. आणि त्याच्या बऱ्याच खाली ‘परमार रणछोडभाई’. वडी कचेरीतल्या कोणा भल्या माणसाने प्रस्ताव उघडला, त्यात एकाला सैन्याचा लाभ द्यायचाय एवढं वाचलं आणि नावांवरून डोळे फिरवले. आता तुम्हीच सांगा, न वाचता निवडायचं झालं तर एकीकडे सुभेदार आणि एकीकडे रणछोड, लष्करातला माणूस कोण वाटेल?

मी फोन लावला. पलीकडच्या गृहस्थांना म्हटलं, भाई, सैन्यातल्या हुद्द्यात ब असतो, यांच्या आडनावात भ आहे. ते म्हणाले, ‘‘सुबेदार ने सुभेदार, बधुं एक ज ने, बेन!’’ सगळं एकच! मी रिसीव्हरकडे बघत राहिले.

मला वाटलं, दत्ताभाऊ स्वतःच लाजेने अर्धे होतील आणि लेखी कळवून मोकळे होतील. गेले त्यांच्या टेबलाशी. शिपाई त्यांना ‘जय हिंद’ करत होता आणि हे चक्क मान तुकवून ते घेत होते.

‘‘दत्ताभाऊ, हे काय ऐकतेय मी? तुम्ही कधी गेला होतात सैन्यात?’’

‘‘मी कुठे म्हणतो गेलो होतो?’’

‘‘मग कळवा की तसं!’’

त्यांनी इकडेतिकडे बघितलं आणि आवाज खाली आणला. ‘‘नलिनीताई, आमच्या घराण्याने पिढ्यान्‌पिढ्या सेवा केली. त्याचं आम्हाला काय मिळालं? नुसतं आडनाव. आता त्या आडनावाने काही दिलं, तर तुमच्या पोटात का दुखावं?’’

 याच माणसाच्या बायकोने माझ्या मुलीच्या लग्नात रुखवत मांडलं होतं. घरी येऊन नवऱ्याला सांगितलं तर तोही म्हणतो, ‘‘एक मराठी माणूस वर जातोय, जाऊ दे ना.’’ त्या रात्री मी त्याला भाकरीबरोबर कोरडी चटणी वाढली, भाजी केली असूनही.

मी रीतसर वांधा नोंदवला. एका ओळीत लिहिलं, की श्री. सुभेदार हे कधीही सैन्यात नव्हते, सुभेदार हे त्यांचं आडनाव आहे. यात न समजण्यासारखं काय आहे? पण उत्तर आलं ते वाचून माझ्या हातून चष्मा पडला. ‘सदर कर्मचारी सैन्यात नव्हते याचा सक्षम अधिकाऱ्याचा दाखला सादर करावा.’

नव्हते याचा दाखला! कोण देतो असला दाखला? मी स्वतः सैनिकांच्या कल्याणाचं काम बघणाऱ्या कचेरीत गेले. तिथे एक निवृत्त सरदारजी बसले होते. त्यांनी माझा कागद दोनदा वाचला, पाणी मागवलं, मला दिलं, मग स्वतः प्यायले. म्हणाले, ‘‘बहनजी, जो फौज में था उसका कागज मैं दे सकता हूँ. जो नहीं था, वो तो सारा हिंदुस्तान है.’’

रणछोडभाई या सगळ्यात शांत होते, हेच मला सहन होत नव्हतं. म्हटलं, ‘‘अहो, चिडा की थोडं! तुमच्या ताटातलं दुसरा उचलून नेतोय.’’ ते म्हणाले, ‘‘बेन, पलटणीत पयल्या दिवशी उस्तादनं नाव इचारलं. रणछोड म्हनल्यावर सगळी लाइन हसली. म्हनला, नाव असं असल्यावर तू लढनार काय? मी गप ऱ्हायलो. मागनं त्योच गप झाला.’’ पण त्या दिवशी त्यांनी डबा उघडला नाही, तसाच घरी नेला. ते मी पाहिलं.

अखेर योग आला. वडी कचेरीचे मोठे साहेब तपासणीला बडोद्याला आले. पक्की यादी त्यांच्याच सहीने निघायची होती. सही झाली की संपलं, मग कोर्टकचेऱ्या करत बसा. मी आमच्या साहेबांच्या हातापाया पडून पाच मिनिटं मागून घेतली आणि दोघांना घेऊन आत गेले.

मोठ्या साहेबांनी दत्ताभाऊंकडे बघितलं. ‘‘तो तमे सुबेदार?’’

‘‘जी साहेब.’’

‘‘लष्करमां?’’

आता तरी हा माणूस खरं बोलेल, असं मला वाटलं. दत्ताभाऊ घसा साफ करून म्हणाले, ‘‘साहेब, फौज तो अमारा लोहीमां छे.’’ आमच्या रक्तातच आहे म्हणे! आणि साहेब चक्क खूश झाले. म्हणाले, वाह, अशी माणसं हवीत. पेनचं टोपण काढलं.

माझ्या तोंडून कसं निघालं ते मला आजही कळत नाही. मी ओरडलेच. ‘‘साहेब, सुभेदार हे आडनाव आहे!’’ तेही मराठीत. साहेब दचकले. माझी गाडी सुटलेलीच होती, ती मग गुजरातीतून धावली. म्हटलं, साहेब, आपण कोठारी. धान्याच्या कोठाराच्या किल्ल्या आहेत का आपल्याकडे? देसाई, अमीन, मजमुदार, सगळे आपल्या कचेरीत आहेत, त्यातला एक तरी गावाचा सारा गोळा करतो का? यांचे आजे-पणजे सुभेदार होते, हे फटाक्याला भितात. विचारा त्यांनाच!

 आमच्या साहेबांचा चेहरा असा पांढरा, जसा चुना. मी मनात म्हटलं, नलिनी, गेली तुझी नोकरी. बढती राहिली बाजूला, तुझीच उचलबांगडी. 

आणि मोठे साहेब हसायला लागले. हसता हसता डोळे पुसले, पेनला टोपण लावलं आणि दत्ताभाऊंना विचारलं, हे खरं का, ‘‘आ साचुं छे?’’ दत्ताभाऊ खाली बघत म्हणाले, ‘‘साहेब, मने कोईए पूछ्युं ज नथी.’’ मला कोणी विचारलंच नाही! शप्पथ सांगते, साहेबांपुढे नसते तर मी तिथेच त्यांचा कान धरला असता.

मग साहेब रणछोडभाईंकडे वळले. रणछोडभाईंनी सैन्यातून सुटल्याचे कागद पुढे ठेवले. साहेब वाचत गेले तसं त्यांचं हसू गेलं. बसा म्हणाले. रणछोडभाई बसले नाहीत. ‘‘आटलां वरस थयां?’’ इतकी वर्षं लागली, असं साहेबांनी आम्हाला विचारलं, आणि आमचे साहेब टेबलावरचे कागद उगाच सारखे करायला लागले.

पंधरवड्यात हुकूम आला. सुभेदार आपल्या मूळच्या जागी, परमार पहिले. हेडक्लार्कच्या बढतीचा हुकूम त्याच्याच पाठीला. कचेरीत पेढे वाटले गेले. खरं सांगायचं तर पेढे दत्ताभाऊंनीच आणले. हेही मला न पेलणारं होतं. सगळ्यांच्या हातात पेढा देत म्हणत होते, ‘‘आपले रणछोडभाई!’’ मी घेतला, गिळला, काय बोलणार?

मी हुकूम घेऊन रणछोडभाईंच्या टेबलाशी गेले. मला वाटलं होतं हसतील. निदान एकदा तरी माझ्यादेखत हसतील. इतक्या दिवसांनी मी जिंकून आले होते. त्यांनी हुकूम घेतला आणि सावकाश वाचायला लागले. एका ओळीपाशी बोट थांबलं. पुन्हा वाचलं. मग ती ओळ मला दाखवली.

‘‘बेन, ह्ये काय लिवलंय?’’

मी ती ओळ वाचून दाखवली. श्री. परमार हे अमुक तारखेपासून या कचेरीत कनिष्ठ कारकून म्हणून हजर झाले असे मानण्यात येते. ‘‘हीच तर मानीव तारीख. तिच्यामुळेच तुम्ही वर गेलात.’’

‘‘ह्या तारखेला मी हितं होतो?’’

‘‘तसं मानायचं.’’

‘‘हितं? बडोद्यात? टेबलावर?’’

‘‘अहो, फक्त ज्येष्ठतेपुरतं, रणछोडभाई.’’

त्यांचा चेहरा असा झाला की मी हबकले. मोठे साहेब आले तेव्हा हललेले नव्हते, शिपायाने दत्ताभाऊंना जय हिंद केला तेव्हा हललेले नव्हते. आता खुर्ची मागे सारून उभे राहिले. म्हणाले, ‘‘बेन, ह्या वर्सात माझा जोडीदार वर बर्फात गेला. साताऱ्याचा. माझ्या मांडीवर गेला. त्याच्या आईला मी गावाकडं जाऊन सांगितलं, माय, शेवटाला मी त्याच्यापाशी होतो, त्यो एकला न्हवता. येवढंच तिला पायजे होतं. आन सरकार म्हनतं मी हितं होतो?’’

 इतके महिने मी त्या नियमाचा कीस काढला होता, तोंडपाठ होता मला, आणि त्याचा असा अर्थ होतो हे माझ्या एकदाही मनात आलं नव्हतं. ती वर्षं मोजायची, तर माणूस तिकडे गेलाच नव्हता असं धरायचं. मी कशीबशी म्हणाले, ‘‘ही ओळ नाही बदलता येणार, रणछोडभाई. तीवरच सगळं उभं आहे. ती काढली तर खुर्ची जाईल.’’

 मुलीच्या सासरी त्यांनी बढतीचं कळवलं होतं, ते मला माहीत होतं. मग पोचेची सही करायला त्यांनी पेन उचललं, सही केली, आणि कागद माझ्याकडे सरकवला. पण हात कागदावरून काढला नाही.

‘‘बेन, मी हितं हजर होतो ना? बरं. मग त्या दिवसांची माझी रजा तरी मांडा. हितं नव्हतो, रजेवर होतो, येवढं लिवा कुठंतरी.’’

रजा मांडायचं काम माझंच होतं. किरकोळ, आजारपणाची, हक्काची, बिनपगारी, सगळ्या प्रकारच्या रजा मी त्या शाखेत बसून हजारो माणसांच्या नावावर मांडल्या. त्यातली कोणती त्यांना द्यायची, ते मला त्या दिवशी सापडलं नाही.